न बोलणारे चित्र आणि बोलणारा माणूस : मराठी मूकपटाने गोष्ट कशी सांगितली?

१/
१९२० च्या दशकात जपानमधील एखाद्या चित्रपटगृहात आपण गेलो असतो, तर पडद्याच्या बाजूला एक माणूस उभा दिसला असता. त्याला ‘बेन्शी’ म्हणत. चित्रे हलू लागली की सर्व पात्रांचे संवाद तो एकटाच बोले, प्रसंग समजावून सांगे, मध्येच स्वतःची टिप्पणीही करी. नामवंत बेन्शीचे नाव नटांच्या बरोबरीने जाहिरातीत झळके, आणि पडद्यावर काय आहे यापेक्षा आज बोलणार कोण हे पाहून तिकीट काढणारे प्रेक्षक कमी नव्हते. म्हणजे जपानी मूकपट मुका कधीच नव्हता.

मग आपल्याकडचे काय? दादासाहेब फाळके आणि बाबूराव पेंटर यांच्या मूकपटांत गोष्ट सांगत कोण होते? पडदा, प्रेक्षक, की आणखी कोणी? या धाग्यात त्याचा शोध घेऊ. वाट थोडी लांबची आहे; पैठणवरून निघून कोल्हापुरात पोहोचायचे आहे.

२/
प्रथम एक साम्य. ल्युमिएर बंधूंच्या यंत्राचा मुंबईतील पहिला खेळ ७ जुलै १८९६ रोजी वॉटसन हॉटेलात झाला. हेच यंत्र १८९७ च्या आरंभी जपानमध्ये ओसाका येथे पोहोचले. दोन्ही देशांना हलते चित्र जवळजवळ एकाच वेळी भेटले.

आणखी एक साम्य याहून जुने आहे. एकाने चित्र दाखवायचे, त्याची कथा सांगायची आणि इतरांनी पाहत पाहत ऐकायचे, ही सवय दोन्ही समाजांच्या अंगवळणी पडलेली होती. जपानमध्ये चित्रांच्या आधारे धर्मकथा उलगडून सांगण्याच्या परंपरेला ‘एतोकी’ म्हणतात. काचेवर रंगवलेली चित्रे दिव्याच्या उजेडाने पडद्यावर हलवून कथा सांगणारा ‘उत्सुशि-ए’ हा खेळ तेथे एकोणिसाव्या शतकात लोकप्रिय होता. बेन्शी आकाशातून पडला नाही. तो या दोघांचा वारसदार होता.

३/
आपल्याकडे एतोकीच्या तोडीचा माणूस म्हणजे चित्रकथी. कल्याणीचा चालुक्य राजा सोमेश्वर तिसरा याने बाराव्या शतकात लिहिलेल्या ‘मानसोल्लास’ या ग्रंथात चित्रे दाखवून कथा सांगणाऱ्याचा उल्लेख येतो. आपला मराठवाडा त्या काळी याच चालुक्यांच्या राज्यात होता.

पुढे या कलेची दोन नावे मराठी मुलखात रूढ झाली. एक सिंधुदुर्गातील कुडाळजवळच्या पिंगुळी गावाचे. तेथील ठाकर समाजाने ही कला आजवर जपली, आणि २०२१ साली परशुराम गंगावणे यांना त्यासाठी पद्मश्री जाहीर झाली. दुसरे नाव पैठणचे. या शैलीतील चित्रांना ‘पैठणी चित्रे’ म्हणतात. एकनाथांचे पैठण आणि चित्रकथेचे पैठण एकच, ही गोष्ट आपल्या भागातही फारशी कोणाला ठाऊक नसते.

४/
चित्रकथीचा खेळ चालतो कसा? कागदावर रंगवलेल्या चित्रांची एक पोथी असते. रामायण-महाभारतातील एक आख्यान, आणि त्यातील एकेका प्रसंगाचे एकेक चित्र. कथेकरी चित्र उभे धरतो, साथीला वीणा, टाळ आणि हुडूक असतात, आणि गात-बोलत तो कथा पुढे नेतो. प्रसंग संपला की पुढचे चित्र.

चित्रातील आकृती बहुधा बाजूने काढलेल्या, डोळे मोठे, दोन पात्रे समोरासमोर. चित्र हलत नाही. त्यातील युद्ध, रडणे, पळणे हे सारे कथेकऱ्याच्या आवाजात घडते. एक गोष्ट लक्षात ठेवा, पुढे तिचे काम पडणार आहे: समोर बसलेल्या माणसाला ही कथा आधीच पाठ असते. पुढे काय होणार हे कळावे म्हणून तो येत नाही. ठाऊक असलेले पुन्हा एकदा डोळ्यांसमोर घडताना पाहावे, म्हणून येतो.

५/
चित्रकथी आणि सिनेमा यांच्यामधला दुवा कल्याणमध्ये सापडतो. महादेव गोपाळ पटवर्धन यांनी १८९२ च्या सुमारास ‘शांबरिक खरोलिका’ या नावाने खेळ सुरू केले. शंबर हा पुराणातील मायावी असुर, त्यावरून ‘शांबरिक’. खरोलिका म्हणजे जादूचा कंदील. काचेच्या पट्ट्यांवर हाताने रंगवलेली चित्रे कंदिलाच्या प्रकाशाने पडद्यावर मोठी करून दाखवीत. पट्ट्या सरकवल्या की चित्रातला हात उचलला जाई, पात्र हलल्याचा भास होई. सोबत निवेदन, संवाद, गाणी. पटवर्धनांच्या मुलांनीही हे काम पुढे चालवले.

वर्ष पाहा: १८९२. वॉटसन हॉटेलातील खेळाच्या चार वर्षे आधी मराठी प्रेक्षक अंधारात बसून पडद्यावर प्रकाशाचे चित्र पाहत होता, आणि चित्राशेजारी बोलणारा माणूस तेथेही होता.

६/
इथपर्यंत जपान आणि महाराष्ट्र बरोबरीने चालत आले. पुढे वाटा फुटतात. जपानने बोलणाऱ्या माणसाला चित्रपटगृहात मानाचे स्थान दिले. आपल्याकडे बेन्शीसारखा नावाजलेला वर्ग उभा राहिला नाही. पेटी-तबल्याची साथ असे, पडद्यावरच्या पाट्या कोणीतरी मोठ्याने वाचून दाखवी, पण चित्रपट त्या वाचणाऱ्याच्या नावावर चालत नसे.

कारण बाजारात होते. जपानी चित्रपटाचा प्रेक्षक एका भाषेचा. फाळक्यांचा चित्रपट मात्र मुंबईबाहेर वेगवेगळ्या भाषांच्या प्रांतांत जायचा होता. म्हणून मजकुराच्या पाट्या इंग्रजी आणि हिंदीत, पुढे गरजेप्रमाणे आणखी एखाद्या भाषेत. आता दुसरा आकडा पाहा. १९११ च्या जनगणनेनुसार हिंदुस्थानात शंभरांपैकी जेमतेम सहा माणसांना लिहिता-वाचता येत होते. निजामाच्या राज्यात त्याहूनही कमी. पाटी तीन भाषांत लिहिली तरी ती वाचणार कोण?

७/
फाळक्यांनी यावर काढलेला तोडगा सोपा वाटतो, पण त्यात मोठी समज आहे. जी गोष्ट सर्वांना ठाऊक आहे तीच दाखवायची.

३ मे १९१३ रोजी गिरगावातील कॉरोनेशन सिनेमात ‘राजा हरिश्चंद्र’ लोकांसाठी प्रदर्शित झाला. सत्यासाठी राज्य, बायको, मुलगा सारे गमावणारा राजा. कीर्तनातून, आख्यानातून, आजीच्या तोंडून ही कथा घराघरांत पोहोचलेली होती. मद्रासच्या प्रेक्षकाला मराठी येत नसेल, पण हरिश्चंद्र त्याला ठाऊक होताच. निवेदक पडद्याशेजारी उभा करण्याची गरज फाळक्यांना भासली नाही, कारण तो आधीच प्रत्येक प्रेक्षकाच्या डोक्यात बसलेला होता. पौराणिक चित्रपटांकडे आपण केवळ भक्तीचा विषय म्हणून पाहतो. त्यामागे भाषेचा आणि साक्षरतेचा हा हिशेबही होता.

८/
गोष्ट सांगण्याचे ओझे उतरल्यावर चित्र मोकळे झाले. या मोकळेपणाचा उपयोग करायला फाळक्यांइतका तयार माणूस मिळणे कठीण होते. जन्म १८७० चा, त्र्यंबकेश्वरचा. मुंबईचे जे. जे. कला विद्यालय, मग बडोद्याचे कलाभवन. छायाचित्रण झाले, छपाई झाली, राजा रविवर्म्याच्या चित्रांच्या शिळाप्रेसशी संबंध आला, जादूचे प्रयोगही शिकून झाले.

१९१२ साली इंग्लंडहून कॅमेरा आणल्यावर त्यांनी प्रथम काय चित्रित केले? वाटाण्याचे रोप. रोपाची वाढ थोड्या थोड्या अंतराने एकेक चौकट टिपत त्यांनी चित्रित केली. पडद्यावर ते बी क्षणार्धात अंकुरले, वाढले, वेल झाले. कथा नाही, पात्र नाही, शब्द तर नाहीच. काळ डोळ्यांना दाखवता येतो, हा त्या रोपाचा धडा होता.

९/
‘राजा हरिश्चंद्र’चा जो भाग आज शिल्लक आहे, त्याची सुरुवात पाहा. (ही रिळे १९१३ ची की १९१७ च्या पुनर्निर्मितीची, याबद्दल अभ्यासकांत मतभेद आहेत.) राजा मुलाला धनुर्विद्या शिकवतो आहे, राणी बाजूला उभी राहून पाहते आहे. कॅमेरा स्थिर. माणसांची मांडणी रविवर्म्याच्या छापील चित्रासारखी.

हे दृश्य कथेत काहीच पुढे नेत नाही. पण प्रेक्षकाला पुढचे सारे ठाऊक आहे. हे राजपुत्राचे वैभव जाणार, ही राणी दुसऱ्याच्या घरी दासी होणार, हे मूल मरणार. त्यामुळे हे साधे कौटुंबिक चित्र पाहतानाच त्याच्या घशात आवंढा येतो. चित्र सुखाचे, आणि दुःख प्रेक्षकाने स्वतःच्या घरून आणलेले. चित्रकथीच्या पोथीपुढे बसणाऱ्याचा अनुभव याहून वेगळा नव्हता.

१०/
फाळक्यांच्या या पद्धतीचे सर्वांत पूर्ण रूप १९१९ च्या ‘कालिया मर्दन’मध्ये आहे. सुदैवाने त्याचा बराच भाग वाचला आहे. कृष्णाची भूमिका त्यांची लहान मुलगी मंदाकिनी हिने केली होती.

चित्रपटाच्या आरंभी कथा नाहीच. केवळ मंदाकिनीचा चेहरा. त्यावर एकामागून एक भाव उमटत जातात, आणि मग ती मुलगी प्रेक्षकांच्या डोळ्यांदेखत कृष्ण होते. फाळके जणू सांगतात, ही माझी लेक आहे, हे सोंग आहे, आता पाहा. सोंग आहे हे दाखवूनही पुढच्या कृष्णावर प्रेक्षकाचा विश्वास बसतो. आपल्या दशावतारात आणि लळितात नेमके हेच घडते. राखणदाराचे सोंग घेतलेला माणूस गावातलाच असतो, हे कोणाला ठाऊक नसते?

११/
आता शेवट. कृष्ण यमुनेत उडी घेतो. पाण्याखाली त्याचे कालियाशी युद्ध सुरू होते, आणि काठावर गोकुळ जमते. फाळके आलटून पालटून दोन्ही ठिकाणे दाखवतात: खाली झुंज, वर आक्रोश, पुन्हा झुंज, पुन्हा आक्रोश. अखेर नागाच्या फण्यावर उभा राहिलेला कृष्ण पाण्यातून वर येतो.

कृष्ण जिंकणार हे चित्रपटगृहातील प्रत्येकाला माहीत आहे. काठावरच्या यशोदेला मात्र माहीत नाही. एक चित्र प्रेक्षकाच्या ज्ञानाचे, दुसरे पात्राच्या अज्ञानाचे, आणि त्या दोहोंच्या मधल्या फटीत सारी उत्कंठा. यासाठी निवेदक लागला नाही, पाटी लागली नाही. दोन तुकडे एकमेकांशेजारी ठेवण्याने हे साधले. संकलनाने गोष्ट सांगणे म्हणजे काय, हे शिकवायला आजही हा प्रसंग पुरेसा आहे.

१२/
जाता जाता जपानशी आणखी एक साम्य. तेथील रंगभूमीवर स्त्रीभूमिका करणाऱ्या पुरुषांना ‘ओन्नागाता’ म्हणत, आणि आरंभीच्या जपानी चित्रपटांत तेच नायिका असत. आपल्याकडे ‘राजा हरिश्चंद्र’मधील तारामती साकारली अण्णा साळुंके यांनी, ते एका खानावळीत काम करीत असत. १९१७ च्या ‘लंकादहन’मध्ये राम आणि सीता या दोन्ही भूमिका त्यांच्याच.

मराठी रंगभूमीवरील स्त्रीभूमिकेचा प्राण गाणे होता. मूकपटाने तो आधार काढून घेतला. साळुंक्यांकडे उरली ती मान, बोटे, पदर आणि नजर. अभिनय कानांकडून डोळ्यांकडे सरकला तो असा.

१३/
आता फाळक्यांच्या पद्धतीची मर्यादा. प्रेक्षकाच्या मनातील निवेदकावर चित्र विसंबून राहिले, की जे त्याला आधी ठाऊक नाही ते सांगता येत नाही. नवा माणूस दाखवता येत नाही, आजचे दुःख दाखवता येत नाही. हरिश्चंद्राचे राज्य गेलेले कळते. शेजारच्या गावातील सखारामाची जमीन गेली, तर ते चित्राने कसे सांगावे? त्याचे आख्यान कोणी गायलेले नाही.

चित्रानेच गोष्ट सांगायला शिकण्याची खरी गरज इथे निर्माण होते. ती ज्याने ओळखली, तो माणूस कोल्हापूरचा होता.

१४/
बाबूराव कृष्णराव मेस्त्री, जन्म १८९०. नाटक मंडळ्यांचे पडदे रंगवण्यात नाव कमावले म्हणून ‘पेंटर’. चुलतभाऊ आनंदराव यांच्यासह त्यांनी कॅमेरा स्वतः बनवण्याचा ध्यास घेतला. १९१६ साली आनंदराव वारले. बाबूरावांनी दामल्यांसारख्या सहकाऱ्यांच्या मदतीने तो कॅमेरा पुरा केला. गायिका तानीबाई कागलकर यांनी भांडवल दिले आणि महाराष्ट्र फिल्म कंपनी उभी राहिली.

पहिला चित्रपट ‘सैरंध्री’, १९२०. कथा पौराणिकच, पण हात वेगळा. स्त्रियांच्या भूमिका स्त्रियांनी केल्या. कीचकवध इतका अंगावर येणारा होता की त्या दृश्याला कात्री लागली. आयुष्यभर पडदे रंगवणाऱ्या या माणसाने चित्रपटातून रंगवलेला सपाट पडदा दूर सारला, आणि ज्यांत माणूस वावरू शकेल असे उभे देखावे बांधले.

१५/
बाबूराव आधी दृश्य कागदावर काढत, वेशभूषेची रेखाटने करत, मग चित्रीकरण. चित्रपटांची भित्तिचित्रेही स्वतः रंगवत. १९२३ च्या ‘सिंहगड’मध्ये त्यांनी कृत्रिम प्रकाश वापरला. तोवर आपल्याकडे चित्रीकरण उन्हातच होत असे. रात्रही दिवसा चित्रित करून रंगाने सुचवावी लागे.

दिवा हाती आला, याचा अर्थ काय? अंधारही हाती आला. काय दाखवायचे यासोबत काय झाकायचे हे आता दिग्दर्शक ठरवू लागला. चौकटीतला काळोख ‘इथे काही अशुभ आहे’ असे सांगू शकतो, आणि त्यासाठी प्रेक्षकाला कथा आधी माहीत असावी लागत नाही.

१६/
हे सारे एकवटले १९२५ च्या ‘सावकारी पाश’मध्ये. देव नाही, राजा नाही, चमत्कार नाही. सावकाराच्या कर्जात जमीन गमावणारा आणि अखेर शहरात गिरणी कामगार होणारा एक शेतकरी. या तरुण शेतकऱ्याच्या भूमिकेत होते व्ही. शांताराम, त्या वेळी चोविशीच्या आसपासचे.

विषय हवेतून आला नव्हता. १२ मे १८७५ रोजी पुणे जिल्ह्यातील सुपे गावी शेतकऱ्यांनी सावकारांच्या दुकानांवर धाव घेतली, आणि हा उठाव पुणे-नगर भागात पसरला. लोकांचा रोख होता कर्जरोख्यांवर. ते हिसकावून जाळले गेले. सरकारने चौकशी आयोग नेमला आणि १८७९ साली शेतकऱ्यांच्या संरक्षणाचा कायदा केला. पन्नास वर्षांनंतरही पाश सुटला नव्हता, हे चित्रपटाचे नावच सांगते.

१७/
शेतकऱ्यांनी कागद का जाळले? कारण तो कागद त्यांना वाचता येत नव्हता. जुन्या मराठी दस्तऐवजांत सही करू न शकणारा कुणबी नावाच्या जागी नांगराची निशाणी करीत असे. म्हणजे स्वतःचे चित्र काढत असे. वर अक्षरे सावकाराची किंवा त्याच्या कारकुनाची, खाली नांगर शेतकऱ्याचा. त्या चित्राचा अर्थ फक्त ‘मान्य आहे’. काय मान्य आहे, ते वरच्या अक्षरांत, आणि अक्षरे तर दुसऱ्याची.

आता १९२५ चे चित्रपटगृह डोळ्यांसमोर आणा. पडद्यावर कागद न वाचता येणारा शेतकरी. खाली अंधारात पाटी न वाचता येणारा प्रेक्षक. दोघांची अडचण एकच. अशा प्रेक्षकाला ही गोष्ट अक्षरांनी सांगणे म्हणजे त्याला पुन्हा त्याच कागदापुढे उभे करणे. ती चित्रानेच सांगायला हवी होती. मूकपटाचे मुकेपण इथे उणीव राहत नाही. विषयाला शोभणारी ती एकमेव भाषा ठरते.

१८/
बाबूरावांनी ते कसे साधले असेल, याची एक खूण उरली आहे. निर्माते जे. बी. एच. वाडिया यांच्या आठवणीत या चित्रपटातील एक दृश्य पक्के बसले होते: मंद उजेडातील एक उदास झोपडी आणि रडणारे कुत्रे.

मूकपटात रडणारे कुत्रे! आवाज नाही, तरी तो ऐकू येतो. आपल्या गावांत रात्री कुत्रे रडले की घरातली म्हातारी माणसे काय म्हणतात, हे मराठी प्रेक्षकाला कोणी समजावून सांगण्याची गरज नव्हती. फाळक्यांनी प्रेक्षकाच्या पुराणज्ञानावर भिस्त ठेवली. बाबूरावांनी त्याच्या रोजच्या जगण्यावर. हरिश्चंद्राचे आख्यान ठाऊक असावे लागते, दारिद्र्य आणि अपशकुन ठाऊक असावे लागत नाहीत. ते भोगलेले असतात. नवी गोष्ट सांगण्याची किल्ली त्यांना इथे सापडली.

१९/
आणि तरीही ‘सावकारी पाश’ व्यवसायात फारसा चालला नाही. पौराणिक वैभवाला आणि ऐतिहासिक लढायांना सरावलेला प्रेक्षक पडद्यावर आपलेच घर पाहायला तयार नव्हता.

त्याच सुमारास जपानमध्ये काय घडत होते? १९२६ साली किनुगासा तेइनोसुके या दिग्दर्शकाने ‘कुरुत्ता इप्पेजी’, म्हणजे ‘वेडाचे एक पान’, हा चित्रपट केला. किनुगासा स्वतः पूर्वी ओन्नागाता नट होते. मनोरुग्णालयातील पत्नीजवळ राहता यावे म्हणून तेथे शिपायाचे काम करणारा एक म्हातारा, ही कथा. कथेच्या श्रेयात कावाबाता यासुनारी यांचे नाव. सबंध चित्रपटात मजकुराची एकही पाटी नाही! मात्र तोक्योत तो दाखवला गेला, तेव्हा तोकुगावा मुसेई हे प्रसिद्ध बेन्शी पडद्याशेजारी होतेच.

२०/
फरक नीट पाहा. किनुगासांनी शब्द पूर्ण काढून टाकले, कारण ते काढले तरी बोलणारा माणूस चित्रपटगृहात आहे याची खात्री होती. चित्राने कितीही अवघड उडी मारावी, खाली बेन्शीची झोळी पसरलेली. बाबूरावांच्या खाली झोळी नव्हती. पुराणकथेचा आधार त्यांनी स्वतः सोडला होता आणि बेन्शी आपल्याकडे नव्हता.

जपानी मूकपटाच्या दृश्यभाषेचे जगभर कौतुक होते आणि ते रास्तच आहे. पण त्या धाडसाच्या पाठीशी एक जिवंत आवाज होता, हे सांगायचे राहून जाते. कोल्हापूरच्या या कंपनीने तोच प्रयत्न त्या आवाजावाचून केला. हे श्रेय आपण अजून पुरेसे दिलेले नाही, असे माझे मत आहे.

२१/
पुढे बोलपट आला. १४ मार्च १९३१ रोजी ‘आलम आरा’, १९३२ साली प्रभातचा ‘अयोध्येचा राजा’. पुन्हा हरिश्चंद्राचीच कथा, हे विशेष. प्रभात उभारणारे शांताराम, दामले, फत्तेलाल हे सारे बाबूरावांच्या हाताखाली घडलेले. जपानमध्ये बेन्शींनी रोजगारासाठी झुंज दिली, संप केले, आणि मूकपट तेथे तीसच्या दशकाच्या मध्यापर्यंत तग धरून राहिला. ओझू यासुजिरो यांचा लहान मुलांवरचा प्रसिद्ध मूकपट १९३२ चा आहे.

आणि बाबूराव? १९३६ साली त्यांनी ‘सावकारी पाश’ पुन्हा बनवला, आता बोलपट म्हणून. जी गोष्ट अकरा वर्षांपूर्वी लोकांनी पुरती ऐकली नव्हती, ती त्यांना अजून सांगायची होती.

२२/
मग आज आपण ‘सावकारी पाश’चा तो मूकपट पाहू शकतो का? नाही. १९२५ ची प्रत उपलब्ध नाही. बाबूरावांच्या मूकपटांपैकी जे थोडे वाचले, त्यांत १९२७ चे ‘मुरलीवाला’ आणि ‘सती सावित्री’ आहेत. सबंध भारतात तेराशेच्या आसपास मूकपट तयार झाले. शिल्लक आहेत जेमतेम तीसच्या आसपास, तेही पुष्कळसे अपुरे.

नाश अनेक वाटांनी झाला. त्या काळची नायट्रेटची फिल्म चटकन पेट घेई. उष्ण-दमट हवेत ती कुजे. बोलपट आल्यावर जुन्या रिळांना किंमत उरली नाही, आणि त्यांतील चांदी काढून घेण्यासाठीही ती नष्ट केली गेली. पुण्याचे राष्ट्रीय चित्रपट संग्रहालय स्थापन झाले ते १९६४ साली, म्हणजे शेवटच्या मूकपटांनंतरही तीस वर्षांनी. पी. के. नायर यांनी गावोगाव फिरून जे हाती लागले ते गोळा केले. फाळके आज आपल्याला दिसतात ते त्या धडपडीमुळे.

२३/
हा धागा मी मंठ्यातून लिहितो आहे. ‘सावकारी पाश’ आला तेव्हा मंठा हैदराबाद संस्थानात होते. १८७९ चा इंग्रजी कायदा इथल्या शेतकऱ्याला लागूही नव्हता. सावकार मात्र इथेही होता. आज गहाणखताची जागा बँकेच्या कागदांनी घेतली, नांगराच्या निशाणीची जागा आधी अंगठ्याने आणि मग सहीने, आणि सातबाऱ्यावरचा बोजा हा शब्द आमच्याकडे शाळकरी पोरालाही कळतो.

म्हणून हे नुकसान मला केवळ सिनेमाच्या इतिहासाचे वाटत नाही. मराठी शेतकऱ्याच्या कर्जाबद्दल अहवाल आहेत, कायदे आहेत, आयोग आहेत, म्हणजे सारी अक्षरे आहेत. ज्याला ती अक्षरे वाचता येत नव्हती, त्याच्यासाठी त्याच्याच भाषेत, चित्रांच्या भाषेत, केलेला जो एक मोठा प्रयत्न होता, नेमका तोच आपल्याकडे उरलेला नाही.

२४/
पण इतिहासात ‘हरवले’ हा शब्द पूर्णविरामासारखा वापरू नये. किनुगासांचे ‘वेडाचे एक पान’ही पंचेचाळीस वर्षे नष्ट झाले असेच मानले जात होते. १९७१ साली त्याची प्रत सापडली ती स्वतः किनुगासांच्याच घरच्या कोठारात! आज जपानमध्ये सावातो मिदोरी यांच्यासारख्या कलावंत जुन्या मूकपटांशेजारी उभ्या राहून बेन्शीचे काम करतात आणि तरुण प्रेक्षक ते पाहायला जातात. आपल्याकडे पिंगुळीचा चित्रकथी अजून गातो आहे. ‘कालिया मर्दन’च्या शेजारी त्याला उभे करून पाहायला काय हरकत आहे?

२५/
शेवटी एक विनंती. आपल्यापैकी कोणाच्या घरी, विशेषतः कोल्हापूर, नाशिक, पुणे किंवा मराठवाड्याच्या जुन्या वाड्यांत, फिरत्या सिनेमाची हस्तपत्रके, काचेच्या पट्ट्या, रिळांचे गंजलेले डबे किंवा चित्रकथेची पाने असतील, तर ती भंगारात घालू नका. रिळे असतील तर डबे स्वतः उघडू नका, दिव्यापासून आणि उन्हापासून दूर ठेवा आणि संग्रहालयाला कळवा. आणि घरात ऐंशी-नव्वदीचे कोणी असेल, तर त्यांच्या आई-वडिलांनी जत्रेतल्या तंबूत काय पाहिले होते हे विचारून लिहून ठेवा. पडद्यावरचे चित्र गेले असले, तरी ते पाहिलेल्या माणसांच्या सांगण्यात त्याचे काही तुकडे अजून शिल्लक असतील.

धागा समाप्त. आवडल्यास पुढे पाठवा. काही ठाऊक असल्यास खाली जरूर लिहा.